मेसन यांच्या नकारामागचे दुसरे कारण
नागरिकांचे हक्क नोंदवणारी हक्कांची सनद नव्हती एवढ्यासाठीच व्हर्जिनियाचे प्रतिनिधी जॉर्ज मेसन यांनी १७८७ च्या घटना अधिवेशनात अमेरिकेच्या राज्यघटनेवर सही नाकारली, असे म्हटले जाते; पण ते अपुरे वाटते. व्यापारविषयक कायदे साध्या बहुमताने होऊ लागले, तर उत्तरेकडील व्यापारी दक्षिणेतील राज्यांना नाडतील, ही भीतीही त्यांच्या लेखी आक्षेपांत होती; आणि व्हर्जिनियातील गन्स्टन हॉल या मळ्याचे मालक असलेले मेसन स्वतः तंबाखू पिकवत होते. सही करण्यापेक्षा उजवा हात तोडून घेईन, असे ते ३१ ऑगस्टलाच म्हणाले होते. गुलामांचा प्रत्येक मालक जन्मतःच छोटा जुलमी असतो, हेही त्यांनी त्याच अधिवेशनात सुनावले. व्हर्जिनियात १७८२ पासून गुलामांना मुक्त करणे सोपे झाले होते. तरीही मेसन यांनी आपले १७७३ चे मृत्युपत्र बदलले नाही, आणि त्यांच्याकडचे गुलाम त्यांच्या मुलांच्या वाट्याला गेले.