मदत हवी आहे : फिलिपिनो अभिनेते एडी गार्सिया यांच्या कारकिर्दीविषयी

नमस्कार मंडळी,

फिलिपिन्सचे ज्येष्ठ अभिनेते एडी गार्सिया (१९२९–२०१९) यांच्यावर एक दीर्घ लेख लिहायला घेतला आहे आणि त्यासाठी जाणकारांची मदत हवी आहे.

१९४९ साली पडद्यावर आलेला हा माणूस सत्तर वर्षे काम करत राहिला. खलनायक म्हणून त्यांचा दरारा होता. दिग्दर्शक म्हणूनही ते तितक्याच ताकदीचे होते. नोरा औनोर आणि विल्मा सांतोस या एकमेकींच्या प्रतिस्पर्धी मानल्या जाणाऱ्या दोघी अभिनेत्रींना घेऊन त्यांनी अनुक्रमे ‘आत्साय’ (१९७८) आणि ‘सिनासाम्बा किता’ (१९८२) हे चित्रपट केले. फामास या फिलिपिन्समधील चित्रपट पुरस्कारांच्या सन्मानदालनात अभिनेता, सहाय्यक अभिनेता आणि दिग्दर्शक अशा तिन्ही विभागांत त्यांना स्थान मिळाले.

माझे कुतूहल मात्र वेगळ्याच धाग्याचे आहे. १९७० मध्ये, खलनायकी भूमिकांत जम बसलेला असताना, त्यांनी दिग्दर्शक लिनो ब्रोका यांच्या ‘तुबोग सा गिंतो’मध्ये आपले समलैंगिकत्व कुटुंबापासून लपवणारा श्रीमंत गृहस्थ साकारला. पुढे वयाच्या ८३व्या वर्षी ‘ब्वाकाव’मध्ये (२०१२) त्यांनी रेने हा एकाकी, खडूस समलैंगिक म्हातारा उभा केला. रेनेने मृत्युपत्र करून ठेवले आहे, शवपेटीसुद्धा आधीच खरेदी केली आहे, आणि सोबतीला आहे ती फक्त एक भटकी कुत्री. ती आजारी पडते तेव्हा या तिरसट माणसाची जी घालमेल होते, ती गार्सिया यांनी रडारड न करता ज्या संयमाने दाखवली आहे, तो संयम मला त्यांच्या साऱ्या कारकिर्दीचे सार वाटतो. या भूमिकेसाठी २०१३ मध्ये त्यांना आशियाई चित्रपट पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा मान मिळाला. २०१८ च्या ‘रेनबोज सनसेट’मध्येही समलैंगिकत्वाचा हाच विषय पुन्हा येतो.

माझी पहिली विनंती अशी की ‘तुबोग सा गिंतो’ इंग्रजी उपशीर्षकांसह रीतसर कुठे पाहता येईल, हे कोणाला ठाऊक असल्यास कृपया सांगावे. मनिला किंवा दावाव येथे शिक्षणानिमित्त अथवा नोकरीनिमित्त राहणारे, तिथली तागालोग भाषा वाचू शकणारे कोणी इथे असतील, तर १९७० च्या सुमाराची त्या चित्रपटाची परीक्षणे शोधून त्यांचा मथितार्थ कळवता आला तर फार उपकार होतील. खलनायक म्हणून ज्याला लोक ओळखत होते, त्याला अशा भूमिकेत तिथल्या प्रेक्षकांनी कसे स्वीकारले, हा माझ्या लेखाचा गाभा आहे.

दुसरी विनंती त्यांच्या मृत्यूसंबंधी आहे. जून २०१९ मध्ये मनिलाच्या तोंदो भागात मालिकेचे चित्रीकरण चालू असताना ते केबलला अडखळून पडले, मानेला जबर इजा झाली आणि काही दिवसांतच ते गेले. नव्वदीतल्या कलाकाराच्या वाट्याला असा अंत यावा, याचे फार वाईट वाटते. त्यातूनच चित्रपट व दूरचित्रवाणी क्षेत्रातील कामगारांचे कामाचे तास आणि सुरक्षितता यांविषयीचा, त्यांच्याच नावाने ओळखला जाणारा कायदा २०२४ मध्ये झाला. तिथल्या चित्रीकरणस्थळी त्याची अंमलबजावणी कशी होते, हे प्रत्यक्ष पाहिलेल्या कोणी सविस्तर लिहिल्यास मी ऋणी राहीन.