‘मायसिन’ म्हणजे नक्की काय? आणि प्रतिजैविक हा शब्द तुम्ही बोलताना वापरता का?

परवा आईचा घसा धरला, ताप पण होता, डॉक्टरांनी अ‍ॅझिथ्रोमायसिन ५०० लिहून दिली, रोज एक असं तीन दिवस. बाबा रिटायर्ड मास्तर, विज्ञान शिकवायचे, त्यांनी चष्मा कपाळावर सरकवला, स्ट्रिप डोळ्याला लावली आणि म्हणाले, “मायसिन? मायकेस म्हणजे ग्रीकमध्ये बुरशी. हिच्या घशात बुरशी झालीय का?” मी म्हटलं अहो बाबा अँटिबायोटिक आहे ते, जंतूंवरचं. तर म्हणे मग नावात बुरशी कशाला घुसवलीय, चुकीचं औषध तर दिलं नाही ना. मेडिकलवाल्याला विचारलं तर तो म्हणाला, “ताई, निम्म्या औषधांना मायसिनच असतं शेवटी,” आणि पुढच्या गिऱ्हाइकाकडे वळला.

तर पहिला प्रश्न हा, की बाबांचा अर्थ बरोबर का चूक. आणि दुसरं म्हणजे बाबा ‘प्रतिजैविक’ म्हणतात, मला तो शब्द पेपरात सोडून कुठे ऐकूच येत नाही, तुमच्याकडे कुणी म्हणतं का?

—

बाबांना नमस्कार सांगा, अर्थ अगदी बरोबर काढलाय, फक्त तो कुणाला लावायचा तिथे गडबड झाली. मी मायक्रोबायॉलॉजी शिकवते म्हणून जरा लांबड लावते.

मातीत स्ट्रेप्टोमायसिस नावाचे जिवाणू असतात. जिवाणूच ते, पण वाढताना बुरशीसारखे धागे काढतात, म्हणून नाव पडलं ‘पिळदार बुरशी’, स्ट्रेप्टो म्हणजे पिळलेला. म्हणजे नावातच पहिली चूक झालीय, बुरशी नसून बुरशी म्हटलंय. (पहिल्या पावसात मातीचा जो वास येतो ना, त्यातला जिओस्मिन हा पदार्थ मुख्यतः हीच मंडळी बनवतात.) १९४३ मध्ये अमेरिकेत रटगर्स विद्यापीठात वॅक्समनच्या लॅबमध्ये अल्बर्ट शॅट्झने यांच्यातल्या एकापासून टीबीवर चालणारं औषध काढलं, ते स्ट्रेप्टोमायसिन. त्यानंतर या कुळातून निघालेल्या बऱ्याच औषधांना शेवटी मायसिन लावायची पद्धतच पडली, निओमायसिन, कॅनामायसिन, एरिथ्रोमायसिन वगैरे.

मी वर्गात असं सांगते की मायसिन हे ‘-कर’वालं आडनाव आहे. पुणेकर, सातारकर म्हटलं की माणूस मूळचा कुठला ते कळतं, धंदा काय करतो ते कळत नाही. कुलकर्णी, जोशी म्हटलं की पूर्वीचा धंदा कळतो. बाबांनी मायसिनला जोश्यांसारखं वाचलं एवढंच. सिलिन पण तसलंच, पेनिसिलियम बुरशीकडून आलेलं, आणि ती मात्र खरीच बुरशी. सायक्लीनची गोष्ट वेगळी, टेट्रासायक्लीनच्या रेणूत चार कडी असतात म्हणून ते नाव, म्हणजे काळे-गोरे सारखं अंगलटीवरून पडलेलं आडनाव.

आणि तुमच्या आईच्या गोळीचं नाव तर फारच मजेदार आहे. मूळ औषध एरिथ्रोमायसिन, फिलिपिन्समधल्या इलोइलोच्या मातीतून आलं, एरिथ्रो म्हणजे लाल. १९८० मध्ये झाग्रेबच्या प्लिव्हा कंपनीतल्या लोकांनी त्याच्या कड्यात एक नायट्रोजनचा अणू बसवला. रसायनवाले नायट्रोजन घुसला की ‘अ‍ॅझा’ लावतात, तो आला फ्रेंच अ‍ॅझोटवरून, ज्याचा अर्थ निर्जीव, कारण नुसत्या त्या वायूत प्राणी जगत नाही. मग एरिथ्रोचं डोकं उडवून ‘थ्रो’ तेवढं ठेवलं, पुढे ‘अ‍ॅझि’ चिकटवलं. म्हणजे अ‍ॅझिथ्रोमायसिन = निर्जीव + लालचं शेपूट + बुरशी. एवढं फोडूनही घशाला काय होणार ते काही कळत नाही 😀

—

वरच्या मॅडमना एक शंका. जेंटामायसिनला इंग्रजीत मायसिनमध्ये वायच्या जागी आय का असतो? मी टायपिंगची चूक समजून एकदा आमच्या ऑफिसच्या यादीत दुरुस्त केलं आणि बोलणी खाल्ली.

—

चूक नाहीये ती. जेंटामायसिन स्ट्रेप्टोमायसिसपासून निघालेलंच नाही, ते मायक्रोमोनोस्पोरा नावाच्या दुसऱ्या जिवाणूपासूनचं, म्हणून मुद्दाम आय ठेवला, गाव वेगळं म्हणून आडनावात एक अक्षर वेगळं. देवनागरीत दोन्ही ‘मायसिन’च होतात, तिथे आपली लिपी हा फरक गिळून टाकते.

—

गावांचा विषय निघालाच आहे तर आमचं गाव राहिलं की हो! आम्ही पिंपरीचे, लहानपण सगळं एचए कॉलनीत गेलं. एचए म्हणजे हिंदुस्थान अँटिबायोटिक्स, १९५४ ची सरकारी कंपनी, पेनिसिलिनचा कारखाना, पुढे त्यावरून आख्ख्या भागालाच लोक ‘एचए’ म्हणायला लागले. तिथे थिरुमलाचार म्हणून मोठे शास्त्रज्ञ होते, त्यांच्या टीमने पिंपरीच्या मातीतल्या स्ट्रेप्टोमायसिसपासून एक औषध काढलं, त्याचं नाव हॅमायसिन. एच, ए, आणि मायसिन! आणि त्या जिवाणूचं शास्त्रीय नाव काय ठेवलं तर स्ट्रेप्टोमायसिस पिंप्रिना. तुमच्या त्या ‘-कर’च्या हिशोबाने हा अस्सल पिंपरीकर.

गंमत म्हणजे हॅमायसिन खरंच बुरशीवर चालतं, तोंडात पांढरी बुरशी धरते त्यावर लावायला असायचं. म्हणजे इथे तुमच्या बाबांचा अर्थ लागू पडला, योगायोगाने का होईना. अशी गावाची नावं बाहेरही आहेत, लिंकोमायसिनमध्ये नेब्रास्कातलं लिंकन आहे, निस्टॅटिनमध्ये तर न्यूयॉर्क स्टेट बसलंय. पण त्या लिंकनचं नाव सगळीकडे छापून येतं आणि आपल्या पिंप्रिनाचं पिंपरीतल्या पोरांनाही माहीत नसतं याचं मला वाईट वाटतं, बाकी काय.

—

आमची डाळिंबाची बाग आहे. आमच्याकडे हा सगळा प्रकार दवाखान्यात नाही, कृषी सेवा केंद्रात भेटतो. तेल्या (डाळिंबावर तेलकट डाग पडणारा रोग) आला की स्ट्रेप्टोसायक्लीनची ६ ग्रॅमची पुडी आणायची आणि कॉपरच्या फवाऱ्याबरोबर मारायची, हे वर्षानुवर्षं चालत होतं. आम्ही नुसतं ‘स्ट्रेप्टो’ म्हणतो. पुडीवर वाचलं तर स्ट्रेप्टोमायसिन ९० टक्के आणि टेट्रासायक्लीन १० टक्के, म्हणजे एकाचं डोकं आणि दुसऱ्याचं शेपूट घेऊन नाव केलंय. माझ्या चुलत्यांना टीबी झाला होता तेव्हा स्ट्रेप्टोमायसिनचीच इंजेक्शनं होती, हे आईने पुडी बघून सांगितलं तेव्हा मी हबकलोच, तेच औषध माणसाला आणि तेच झाडाला.

दुकानदार सरसकट सगळ्याला बुरशीनाशक म्हणतात ते मात्र चूक आहे. तेल्या जिवाणूचा रोग, कॉपर जिवाणू आणि बुरशी दोन्हीवर चालतं, स्ट्रेप्टो फक्त जिवाणूवर. पण भातवाल्यांकडे कासुगामायसिन मारतात करप्यावर, आणि करपा हा बुरशीचा रोग. तेव्हा शेतात नुसतं मायसिन ऐकून काही ठरवू नका, बाटलीवर काय लिहिलंय ते बघा. आणि शब्दचर्चाच चाललीय तर अजून एक, आमच्याकडे ‘औषध’ म्हटलं की आधी फवारणीचंच डोळ्यासमोर येतं. ‘औषध घेतलं का’ आणि ‘औषध पिलं’ यात केवढं अंतर आहे ते गावाकडच्या माणसाला सांगावं लागत नाही.

—

प्रतिजैविकबद्दल कुणीच बोलेना म्हणून मी बोलतो. मी भाषांतराची कामं करतो, सरकारी पत्रकात हाच शब्द घालावा लागतो, पण बोलताना माझ्या तोंडातून तो कधी निघाला नाही. कारण असं की ‘प्रति’ आपल्याकडे फार कामं करतो. प्रतिसरकारमध्ये पर्यायी, प्रतिदिनमध्ये दर, प्रतिबिंबमध्ये उलटून आलेलं, आणि प्रतिजैविकमध्ये विरुद्ध. त्यात ‘जैविक’ म्हटलं की लोकांना जैविक शेती आठवते, म्हणजे बिनरसायनाची. मग प्रतिजैविक म्हणजे जैविकच्या उलटं, म्हणजे रासायनिक, असा अर्थ लावणारी शिकली सवरलेली माणसं मी पाहिलीत. आणि अँटिबॉडीला प्रतिपिंड म्हणतात, तिथे हमखास घोटाळा होतो, एका पत्रकात ‘लसीमुळे शरीरात प्रतिजैविके तयार होतात’ असं छापून जाता जाता मी अडवलंय.

—

पण शब्द वाईट नाही हो. प्रत्याम्ल कसं झालं, आम्लाच्या विरुद्ध, तसंच हे. वापरलं नाही तर कुठलाही शब्द पुस्तकीच वाटणार. उलट मी म्हणेन ‘जैविक’ यात मुद्द्याचं आहे, कारण वॅक्समनने व्याख्या केली ती अशी की एका सूक्ष्मजीवाने बनवलेला पदार्थ जो दुसऱ्या सूक्ष्मजीवांना मारतो किंवा वाढू देत नाही. त्या कडक अर्थाने सल्फा आणि सिप्रोफ्लॉक्सासिन ही प्रतिजैविकं नव्हेतच, ती माणसाने प्रयोगशाळेत बनवलेली रसायनं. आता डॉक्टरसुद्धा सगळ्यांनाच अँटिबायोटिक म्हणतात, म्हणून मी पण भांडत नाही, पण जुन्या पुस्तकात फरक दिसला तर दचकू नये.

लिंगाचं काय करता तुम्ही लोक? आमच्याकडे ‘अँटिबायोटिक चालू केली’, कारण मनात गोळी असते. पुण्यातली मावशी ‘चालू केलं’ म्हणते, तिच्या मनात औषध असतं. प्रतिजैविकला हा त्रास नाही, ते सरळ नपुंसकलिंगी.

—

मूळ प्रश्नवाली परत आले. सगळं बाबांना वाचून दाखवलं. पुणेकर-जोशी त्यांना एकदम पटलं, हॅमायसिनचं ऐकून तर उठून वहीत लिहून घेतलं, पिंप्रिना पहिली वेलांटी का दुसरी ते मला दोनदा विचारलं. प्रतिजैविक सोडायला मात्र तयार नाहीत, म्हणाले लोक घोळ करतात म्हणून शब्द का सोडायचा. मी ‘अँटिबायोटिक चालू केली’ म्हणणाऱ्यांतली हे आज पहिल्यांदा लक्षात आलं. आईचा ताप उतरला, तिसरी गोळी राहिलीय आणि ती म्हणतेय आता बरं वाटतंय तर कशाला, त्यावर बाबा तिच्यासमोर पाण्याचा ग्लास घेऊन उभे आहेत. सोबतच्या पॅन्टोप्राझोलची (पित्ताच्या गोळीची) स्ट्रिप दुसऱ्या हातात आहे, ‘प्राझोल’चं कुणाला माहीत असेल तर आत्ताच सांगून ठेवा.