मदत हवी आहे: उशिरा दाखवणारा आरसा

नमस्कार मंडळी, मी इंदूरहून. मराठीत एक अद्भुतरम्य (फँटसी) कादंबरी लिहितेय. त्या जगात काच कुणाला ठाऊक नाही, पण एका देवळात धातूचा आरसा आहे. त्यात आजचं काही दिसत नाही, बारा वर्षांपूर्वी समोर जे घडलं ते दिसतं. लोक वर्षानुवर्षं नवस बोलून येतात ते गेलेल्या माणसाला पुन्हा एकदा पाहायला.

कल्पना सुचली आपल्या इंदूरच्या काच मंदिरात, म्हणजे आतून काचांनी मढवलेल्या जैन देवळात; तिथे आरशांत एकाच मूर्तीच्या कितीतरी मूर्ती होतात. पण मला साधा धातूच हवा. केरळमधला आरन्मुळा आरसा तांबं-कथलाचा असतो. आपल्या घरच्या आरशात बोट आणि प्रतिबिंब यांत फट दिसते, कारण चकाकी काचेच्या मागे असते. धातूच्या आरशात ती नसते, बोटाला बोट भिडतं. हा स्पर्श मला कथेत फार मोलाचा वाटतो.

अडलंय ते इथे. धातू काळवंडतो, घासावा लागतोच. मग घासताना जुनी दृश्यंही पुसली जावीत का? तसं असेल तर घासणारं घराणं राजापेक्षा बलवान ठरतं, आणि मला तेच आवडतंय. पण मग ते आरसा घासतीलच कशाला? कथील जास्त असलेलं कासं ठिसूळ असतं. आरसा तडकला तर प्रत्येक तुकड्याने वेगळा काळ दाखवावा का?

कुणी धातूचा आरसा स्वतः घासला असेल, तर हाताला काय जाणवतं तेही कृपया सविस्तर लिहा.