शाहिरी अल्बम: स्टुडिओत गाणं बसकं का वाटतं, आणि जुन्या गाण्यांच्या परवानग्या

झील_धरा
जलशात गाणाऱ्या एका शाहिराचा पहिला अल्बम करतोय. आठ गाणी आहेत. पाच त्यांची स्वतःची: ऊसतोड, धरणग्रस्त, कंत्राटी सफाई कामगार अशा विषयांवरची. बाकी तीन म्हणजे महात्मा फुल्यांचा एक अखंड (अभंगासारखी रचना), अण्णाभाऊ साठ्यांचं एक आणि वामनदादा कर्डकांचं एक गाणं. साथीला डफ, तुणतुणं, ढोलकी, झांज, पेटी आणि तीन झीलकरी, म्हणजे शाहिराची ओळ मागून उचलून धरणारे साथीदार.
चाचणी रेकॉर्डिंगमध्ये प्रत्येकाला वेगवेगळं, कानात क्लिक (तालाची यांत्रिक टिकटिक) देऊन घेतलं. सूर-ताल चोख आहे, पण गाण्यात जीव नाही. डफ नुसता धप्प वाजतो, झील मागाहून चिकटवल्यासारखी वाटते. कुठे चुकतंय? आणि जुन्या तीन गाण्यांची परवानगी कोणाकडून घ्यायची?

चाट_आणि_धुम
सगळ्यांना एका खोलीत, एकाच वेळी घ्या. शाहीर ओळ टाकतो आणि झीलकरी ती उचलतात, त्या अर्ध्या श्वासाच्या घाईतच गाण्याचा जोर असतो. वेगळं रेकॉर्ड केलं की नेमकी तीच जाते. क्लिकचंही तसंच. पोवाड्याची लय शेवटाकडे चढते आणि कटावात, म्हणजे भराभर म्हटल्या जाणाऱ्या भागात, तर आणखी धावते. क्लिक तिला बांधून ठेवतो. सुरुवातीच्या चार मात्रा क्लिकवर द्या आणि तो बंद करा.

शाहिरासाठी डायनॅमिक कार्डिऑइड (मुख्यतः समोरचं ऐकणारा) माइक घ्या. कंडेन्सर हा जास्त संवेदनशील माइक खोलीतली सगळी झांज गोळा करतो. तोंडापासून माइक एक वीत लांब. कार्डिऑइडला मागच्या बाजूचं सर्वांत कमी ऐकू येतं, म्हणून डफवाला माइकच्या पाठीमागे, शाहिरासमोर उभा करा. दोघांची नजरानजरही राहते. तिन्ही झीलकरी एकाच माइकभोवती, दोन-सव्वादोन फुटांवर. झांजवाला कोपऱ्यात, मधे जाड गोधडी टांगून. आवाजाची सर्वांत मोठी उसळी रेकॉर्डिंगच्या मीटरवर उणे 12 डेसिबलच्या आत ठेवा, कारण शाहीर ललकारी देतो तेव्हा पातळी एकदम उडते.

डफ धप्प वाजण्याची दोन कारणं असतात. एक म्हणजे माइक फार जवळ असणं, त्याने खर्ज फुगतो. माइक दीड-दोन फुटांवर न्या आणि मध्यावर नव्हे, कडेच्या दिशेने रोखा. दुसरं म्हणजे दमट कातडं. मंचावर डफ शेकतात, स्टुडिओत जाळ करता येत नाही. तिथे केस वाळवायचा ड्रायर हातभर अंतरावरून फिरवा आणि दर गाण्याआधी तपासा. एसीत कातड्याचा ताण सतत बदलतो, त्यामुळे पहिला आणि पाचवा टेक जोडायला गेलात तर डफ दोन वेगळ्या सुरांत ऐकू येईल.

तुणतुणं शाहिराच्या सा मध्ये लावा, पण मिक्समध्ये खाली ठेवा. शब्दांची व्यंजनं साधारण 2 ते 4 किलोहर्ट्झच्या पट्ट्यात असतात आणि तुणतुण्याची तार तिथेच खणखणते. विद्रोही गाण्यात एक शब्द जरी बुडाला तरी गाणं बुडतं. बहुतेक लोक फोनवर ऐकणार, म्हणून मिक्स फोनच्याच स्पीकरवर तपासा. त्यात डफाचा खर्ज येतच नाही, फक्त कडेची थाप येते. ती स्पष्ट हवी.

कागद_आधी
आता हक्कांचं. आपल्या कॉपीराइट कायद्यात कवीच्या मृत्यूनंतरच्या वर्षापासून 60 वर्षं हक्क राहतो. फुले 1890 साली गेले, त्यामुळे अखंडाचे शब्द मोकळे आहेत. मात्र एखाद्या आधुनिक संगीतकाराची चाल वापरणार असाल तर तिचा हक्क वेगळा. अण्णाभाऊ 1969 मध्ये गेले, म्हणजे 2029 अखेरपर्यंत हक्क. वामनदादा 2004 मध्ये, म्हणजे 2064 अखेरपर्यंत. ‘लोकगीतच आहे’ म्हणून ही गाणी पारंपरिक लिहिणं बेकायदा तर आहेच, शिवाय कवीचं नाव पुसणंही आहे. आयुष्यभर नाव पुसलं गेलेल्यांसाठी ज्यांनी लिहिलं, त्यांच्याबाबतीत तरी हे होऊ नये.

कायद्याच्या 31 सी कलमात कव्हरची (आधी ध्वनिमुद्रित झालेलं गाणं पुन्हा गाऊन घेण्याची) सोय आहे: मूळ ध्वनिमुद्रणाच्या वर्षानंतर पाच वर्षं उलटलेली हवीत, आधी नोटीस द्यायची आणि वर्षाला किमान 50,000 प्रतींची रॉयल्टी आगाऊ भरायची. छोट्या अल्बमला हे झेपत नाही. त्यात गाण्यात बदलही करता येत नाही, आणि शाहीर तर आजच्या प्रसंगावरचं कडवं घालतातच. म्हणून वारसांकडून किंवा ज्यांच्याकडे हक्क आहेत त्यांच्याकडून थेट लेखी परवानगी घ्या. जोडलेलं कडवं त्यात शब्दशः लिहा.

झील_धरा
आभार, दोघांचेही. जोडलेलं कडवं आहेच, बरं झालं सांगितलंत. शाहिरांच्या स्वतःच्या पाच गाण्यांसाठी एक कंपनी ‘सर्व हक्क’ मागते आहे. करारात मुदत लिहिलेली नाही.

कागद_आधी
कलम 19 प्रमाणे मुदत लिहिली नसेल तर हस्तांतरण पाच वर्षांचं धरतात आणि प्रदेश लिहिला नसेल तर भारतापुरतं. पण त्यावर विसंबू नका, मुदत आणि माध्यमं लिहून घ्या. जलशात, मोर्चात, संपाच्या मंडपात गाण्याचा हक्क शाहिराकडेच राहील, हे वेगळं कलम म्हणून घाला. शाहिरांना गीतकार आणि संगीतकार म्हणून आयपीआरएसचं (गीतकार-संगीतकारांची रॉयल्टी गोळा करणाऱ्या संस्थेचं) सभासद करा. झीलकरी आणि वादकांची नावं प्रत्येक गाण्याच्या माहितीत गेली पाहिजेत, मानधनही लेखी ठरवा.

चाट_आणि_धुम
एक राहिलं. पोवाडा बारा मिनिटांचा असेल तर छाटू नका. गद्य निवेदनाचा तुकडा वेगळा ट्रॅक करा, पण दोन्हींच्या मधे शांतता ठेवू नका. निवेदनाच्या शेवटच्या शब्दावरच डफाची थाप पडली पाहिजे.