रात्रीस खेळ चाले मालिकेतला पांडू, त्या नटाबद्दल कोणाला माहिती आहे का?

देवगडचो_झिल: आई सध्या मोबाईलवर जुने एपिसोड परत बघतेय, जेवताना मीपण बघतो, आणि माझं लक्ष सारखं त्या पांडूकडेच जातं, नाईकांच्या वाड्यावरचा गडी, "इसरलंय" म्हणणारा तो. अण्णा म्हणजे माधव अभ्यंकर आणि शेवंता म्हणजे अपूर्वा नेमळेकर हे शाळेतली पोरंपण सांगतील, पण ह्याचं नाव घरात कोणालाच येईना. तो नुसता नटच आहे की अजून काही करतो?

कुडाळवाली: प्रल्हाद कुडतरकर. आणि नुसते नट नाहीत हो, मालिकेचं लिखाणपण त्यांचंच! म्हणजे समोरचा जे तडातडा बोलतोय ते ह्यांनीच लिहिलेलं आणि स्वतः मात्र बाजूला काही न कळल्यासारखं तोंड करून उभे. आता हे डोक्यात ठेवून बघा, वेगळीच मजा येते. मला तर वाटतं पांडूचा विसराळूपणा हे लेखकाचं डोकं आहे, रहस्याच्या मालिकेत सगळं बघितलेला पण काही न आठवणारा माणूस हाताशी असला की गुपित पाहिजे तेवढे दिवस लांबवता येतं 😄

मुंबैकर_चाकरमानी: मला वाटायचं तो तिकडचाच कोणीतरी गावकरी धरून उभा केलाय.

कुडाळवाली: हीच तर पावती ना कामाची.

आरवलीचो_बाबलो: माका इचारशात तर ह्यो पांडू म्हणजे आमच्या दशावतारातलो, म्हणजे कोकणातल्या लोकनाट्यातलो, संकासुर. आडदशावतारात, म्हणजे मूळ कथेच्या आदीच्या भागात, तो येता आणि गावच्या भाषेत लोकांका हसयता, तसोच. आणि एक सांगतंय, दशावतारात लिवलेली संहिता नसता, कथानक ठरता आणि संवाद रंगमंचावर उभ्या उभ्या सुचतत. ज्येका ती सवय बघूची आसा त्येनी पांडूची वाक्यां ऐका, पाठ केल्यासारकी वाटनतच नाय. २०१६ मध्ये मालिका सुरू झाली तेव्हा आमच्या जिल्ह्यात विरोध पण झाललो, कोकणात नुसती भुतां दाखवतत म्हणान. माकापण तेव्हा राग इललो, पण ह्या माणसाच्या कामाक नावां ठेवूक मिळाली नाय.

देवगडचो_झिल: बाबलो काका, भारी. दुसऱ्या भागात तर कथा मागे गेली ना, पहिल्या भागात अण्णा सुरुवातीलाच मेलेला आणि २०१९ ला परत जिवंत. पांडू तिथेपण आहे.

सेटवरचा_पोऱ्या: मी दुसऱ्या मालिकांच्या सेटवर काम केलंय म्हणून थोडं सांगतो. मराठी मालिका बहुतेक मुंबई ठाण्याच्या आसपास शूट होतात, ही कुडाळ तालुक्यात आकेरीला झाली म्हणून फरक पडला, बाहेरगावी युनिट राहिलं की छोट्या भूमिकेचा माणूसपण दिवसरात्र तिथेच आणि हवापाण्याशी जुळतो. एरवी चरित्र अभिनेत्याचं आयुष्य कसं, महिन्यातले किती दिवस बोलावतील ते ट्रॅकवर, म्हणजे कथेत त्याचा भाग किती चालतो त्यावर अवलंबून, पैसे दिवसावर, आणि ते हातात पडायला तीन तीन महिने. लीडला चेहरा मिळतो, ह्यांना फक्त पात्राचं नाव मिळतं, रस्त्यात लोक पांडू म्हणूनच हाक मारणार. त्यामुळे लिहिता येणं हा मोठा आधार, नट म्हणून ट्रॅक संपला तरी लेखक म्हणून घर चालतं. मला हे त्यांचं सगळ्यात हुशार काम वाटतं, अभिनयापेक्षाही.

कुडाळवाली: अभिनयापेक्षा वगैरे नको हं 😠

वेंगुर्ल्याची_मावशी: माझा भाचा बारावीला आहे, त्याला असंच मालिकेत जायचंय, आईबाप डोक्याला हात लावून बसलेत. कुठून सुरुवात करायची?

सेटवरचा_पोऱ्या: मावशी, आधी कॉलेजात एकांकिका करू दे, मग राज्य नाट्य स्पर्धा, रत्नागिरीला प्राथमिक फेरी होते तिथे निदान प्रेक्षकात बसून तरी बघू दे त्याला. जमलं तर लिहायलापण लावा. आणि रोल देतो म्हणून कोणी आधी पैसे मागितले तर फोन तिथल्या तिथे कट करायचा, कितीही मोठं नाव सांगितलं तरी.