मदत हवी आहे: भंगारातल्या घुबडाचे पंख टिकत नाहीत

कुठे शिकलेलो नाही, भंगारातून शिल्पं करतो. पिकासोने १९४२ साली सायकलची सीट आणि हँडल जोडून बैलाचं डोकं केलं, त्याचा फोटो पाहून हा नाद लागला. सध्या सायकलच्या चेनचं घुबड चाललंय. डोळे बेअरिंगचे, पंख ॲल्युमिनियमच्या पत्र्याचे. लोखंडावर ॲल्युमिनियम साध्या वेल्डिंगने बसत नाही, हे दोन पंख जाळल्यावर कळलं! इपॉक्सीने चिकटवले, तर आठवड्यात पापुद्र्यासारखे सुटले. आधी पॉलिश पेपरने घासायला हवं होतं का? की सरळ रिव्हेट मारू? घुबड उघड्यावर राहणार. दोन धातूंच्या सांध्यात पाणी साचलं की ॲल्युमिनियम खाल्लं जातं, तर मध्ये रबरी वॉशर पुरेल? आणि चेनचा गंज मला तसाच हवाय, फक्त हाताला लागू नये. त्यावर काय मारता?