मदत हवी आहे : चांगपा लोकांबद्दल

नमस्कार मंडळी, लडाखच्या चांगथांग पठारावरच्या चांगपा पशुपालकांवर प्रोजेक्ट करतेय. तिथल्या खरनाक भागातली बरीच कुटुंबं जनावरं विकून लेहजवळ खरनाकलिंगला राहायला आली, शाळा, दवाखाना, मजुरी ही कारणं पटतात, पण याकच्या केसांच्या पट्ट्या विणून, शिवून रेबो म्हणजे तंबू उभा करणं, बर्फात पश्मिना शेळ्या जगवणं, हे सगळं आता कोण शिकणार याचा फार जीव तुटतो. त्यात चांगथांगमधल्याच पांगच्या नियोजित १३ गिगावॅट सौर-पवन ऊर्जा प्रकल्पात कुरणं जाण्याची भीती. मागे राहिलेली मोजकी घरं हिवाळी चराई कशी सांभाळतात? तिथे राहिलेलं कोणी आहे का इथे? आणि लडाखी-हिंदी दुभाष्या कुठे मिळेल? मला विशेषतः शेळ्या राखणाऱ्या बायकांशी बोलायचंय, प्लीज सांगा.